शहागंजातला पत्रिकेचा छापखाना: निकाह, बाप्तिस्मा, उरूस आणि मराठी मजकूर

लग्नपत्रिका छापून देणारे शहरात गल्लोगल्ली सापडतील. पण निकाहची पत्रिका एका बाजूने उर्दूत आणि दुसऱ्या बाजूने नीट मराठीत हवी असेल, किंवा बाप्तिस्म्याच्या आमंत्रणात चर्चमध्ये चालतो तोच शब्द हवा असेल, तर छत्रपती संभाजीनगरात फार दुकानं उरत नाहीत. शहागंजच्या आतल्या गल्लीतला हा छापखाना त्या उरलेल्यांपैकी. नाव देत नाही, कारण पुढे त्याच्या चुकाही उघड लिहिल्या आहेत. आधी निकाल सांगतो: मजकुरासाठी इथेच जावं. तारीख, वेळ आणि दिवंगतांच्या नावाआधीची अक्षरं मात्र स्वतः तपासावीत, आणि दोनदा तपासावीत.

इथली खरी दौलत म्हणजे मॅटरची वही. जाड रजिस्टर आहे, त्यात जुन्या पत्रिका कापून चिकटवल्या आहेत आणि बाजूला पेनाने दुरुस्त्या केल्या आहेत. निकाह, वलीमा (निकाहनंतरचं जेवण), अकीका (बाळाच्या जन्मानंतरची कुर्बानी), बिस्मिल्लाह (मुलाच्या शिक्षणाची सुरुवात), हजची दावत, उरूस, कंदुरी. पुढे ख्रिस्ती विवाह, बाप्तिस्मा, दृढीकरण, उपकारस्तुती, स्मरण उपासना. बहुतेक दुकानांत संगणकावर एक साचा उघडतात आणि नावं बदलतात. इथे डीटीपी करणारे, म्हणजे संगणकावर मजकूर जुळवणारे, आधी तीन गोष्टी विचारतात: कार्य कोणतं, घराची पद्धत कोणती आणि पत्रिका कोण वाचणार. तिसरा प्रश्न सगळ्यात मोलाचा. उर्दू बाजू नातेवाईक वाचतात. मराठी बाजू गावाकडचे शेजारी, शाळेतले सहकारी, बँकेतले लोक वाचतात, आणि त्यांना ‘अक्द-ए-मसनून’ (म्हणजे निकाह) कळत नाही. त्यांना कळायला हवं की कुठे यायचं, किती वाजता यायचं आणि जेवण कधी आहे.

उर्दू पत्रिकेची भाषा घरंदाज असते. मुलगा ‘फर्जंद-ए-अर्जुमंद’, मुलगी ‘दुख्तर-ए-नेक-अख्तर’, बोलावणारा ‘अद-दाई’, वाट पाहणारे ‘चश्म-ब-राह’, जेवण ‘तनावुल-ए-तआम’. या शब्दांचं शब्दाला शब्द मराठी केलं की पत्रिका अवघडून जाते. काही ठिकाणी मराठी बाजूवर ‘डोळे वाटेकडे लावून बसलेले’ असं छापलेलं असतं; शब्दकोशात ते बरोबर आहे, पत्रिकेत नाही. वहीतला नमुना सरळ आहे: ‘इन्शा अल्लाह, आमचा मुलगा अमुक आणि तमुक यांची कन्या अमुक यांचा निकाह रविवारी असरच्या नमाजनंतर (सायंकाळी ५.३०) अमुक मशिदीत होणार आहे. वलीमा सोमवारी रात्री ८ वाजता. आपण सहकुटुंब यावे ही विनंती.’ बस. ‘निमंत्रक’ हा शब्द ‘अद-दाई’च्या जागी चपखल बसतो, ‘चश्म-ब-राह’च्या जागी ‘आपले स्नेहांकित’. ‘इन्शा अल्लाह’ असं तोडून लिहितात हेही बरोबर, कारण अरबीत ते तीन शब्द आहेत.

आता चूक कुठे होते ते पाहू. साच्यात ‘शुभमुहूर्त’ हा शब्द बसलेला असतो आणि त्याच्यापुढे ‘सायं. ५ वा. ३५ मि.’ अशी जागा. निकाहला मुहूर्त नसतो. निकाहला लागतो इजाब आणि कुबूल, म्हणजे एका पक्षाचा प्रस्ताव आणि दुसऱ्याचा स्वीकार, दोन साक्षीदार, ठरलेला मेहर (नवऱ्याने बायकोला द्यायची रक्कम), आणि प्रथेप्रमाणे खुतबा (निकाहचं प्रवचन). वेळ ठरते ती लोक मशिदीत ज्या नमाजला जमतात तिच्यावरून, म्हणून ‘असरनंतर’ (दुपार उतरल्यावरची नमाज), ‘मगरिबनंतर’ (सूर्यास्ताची), ‘इशानंतर’ (रात्रीची). इथल्या वहीतल्या मराठी नमुन्यांत ‘मुहूर्त’ शब्द खोडून ‘निकाहची वेळ’ केलेलं आहे. तरी संगणकावरच्या साच्यात तो तसाच राहिला आहे आणि गडबडीच्या दिवसांत प्रूफमध्ये परत येतो. प्रूफ हातात आलं की पहिली नजर तिथे टाका.

कंसातल्या घड्याळाच्या वेळेलाही फसू नका. असरची वेळ वर्षभर सरकत असते. शिवाय इस्लामी धर्मशास्त्राच्या पंथांत वेळेचा फरक आहे: हनफी पद्धतीत दुपारची मूळ सावली सोडून वस्तूची सावली तिच्या उंचीच्या दुप्पट झाली की असर लागते. शाफई पद्धतीत एकपट झाली की लागते, म्हणजे बरीच आधी. मराठवाड्यात बहुतेक मशिदी हनफी आहेत, पण निजामाच्या फौजेत आलेल्या चाऊस घराण्यांचं मूळ येमेनमधल्या हद्रमौतचं, आणि तिकडे शाफई पद्धत चालते. म्हणून ‘असरनंतर’ एवढ्यावर तास ठरवू नये. ज्या मशिदीत निकाह आहे तिथल्या जमातीची (सामूहिक नमाजची) वेळ फळ्यावर लिहिलेली असते, ती पाहून यावी आणि तिच्यात अर्धा तास मिळवून छापावी. मगरिबचं वेगळं आहे: सूर्य मावळला की लगेच. आपल्याकडे सूर्यास्त डिसेंबरात पावणेसहाच्या सुमारास होतो आणि जूनमध्ये सात वाजून गेल्यावर. डिसेंबरातली जुनी पत्रिका समोर ठेवून मे महिन्यातली पत्रिका केली की तास-सव्वा तासाचा घोळ होतो, आणि हा घोळ या दुकानात होतोच, कारण वहीतल्या नमुन्यांवर महिना लिहिलेला नाही. त्यांनी नुसता महिना लिहून ठेवला तरी अर्धं काम होईल.

तारखेचा घोळ याहून खोल आहे. हिजरी दिवस सूर्यास्ताला सुरू होतो. म्हणून शब-ए-बरात म्हणजे १५ शाबानची रात्र, जी १४ शाबानचा सूर्य मावळला की येते. ‘शब-ए-जुमा’ म्हणजे आपल्या हिशेबाने गुरुवारची रात्र. मराठी बाजूवर ती ‘शुक्रवारी रात्री’ अशी छापली की पाहुणे एक दिवस उशिरा येतात. उर्दू वारांची नावंही मराठी डोळ्याला चकवतात: ‘जुमेरात’ गुरुवार, ‘पीर’ सोमवार, ‘हफ्ता’ शनिवार. ‘बरोज पीर’ वाचून पिराच्या दर्ग्यात कार्यक्रम आहे असा अर्थ नवख्या डीटीपीवाल्याने लावू नये, म्हणून वहीच्या पहिल्या पानावर वारांचा तक्ता चिकटवलेला आहे. हे फार चांगलं केलंय.

हिजरी महिना २९ चा की ३० चा हे चंद्र दिसल्यावर ठरतं. पत्रिका महिनाभर आधी छापली जाते, तेव्हा हिजरी तारीख एका दिवसाने मागे-पुढे होणार हे गृहीत धरावं. उर्दू बाजूवर हिजरी तारीख ठेवायची असेल तर ठेवा, मराठी बाजूवर वार आणि इंग्रजी तारीख एवढंच पुरे. वार आणि तारीख जुळतात का हे मात्र कॅलेंडर समोर ठेवून पाहा. पाहुणा दोन्ही वाचतो, आणि दोन्ही वेगळे दिसले की फोनवर फोन सुरू होतात.

सूर्यास्ताला दिवस बदलणं ही गोष्ट फक्त इस्लामची नाही. यहुद्यांचा शब्बाथ शुक्रवारी सूर्य मावळताना सुरू होतो आणि शनिवारी रात्री संपतो. कोकणातल्या बेने इस्रायलांना (मराठी बोलणाऱ्या यहुद्यांना) ‘शनवार तेली’ म्हणत, कारण शनिवारी ते घाणा बंद ठेवत. मराठवाड्यात ही वस्ती नाही, वहीतही त्यांचं पान नाही. पण मराठीत पूजा-प्रार्थनेचे शब्द कसे रुजले हे पाहायचं असेल तर त्यांच्याकडे पाहावंच लागतं. त्यांनी आपल्या सणांना अस्सल मराठी नावं दिली: नव्याचा सण, दारफाळणीचा सण, बिरड्याचा सण. प्रार्थनाघराला ते ‘मशीद’च म्हणत, मुंबईच्या मशीद बंदरचं नाव त्यांच्या १७९६ सालच्या सिनेगॉगशी जोडलं जातं. आणि एक शब्द तर आपल्या दारापर्यंत येतो: मलिदा. त्यांच्याकडे मलिदा म्हणजे भिजवलेले पोहे, ओलं खोबरं, साखर किंवा गूळ, वेलची, सुका मेवा आणि सोबत फळं; एलियाहू हन्नबीचं (एलीया संदेष्ट्याचं) स्मरण करून प्रार्थना म्हणायची आणि मग वाटायचा. आपल्याकडे पिराला नेतात तो मलिदा म्हणजे पोळी कुस्करून त्यात गूळ आणि तूप. शब्द एक, ताट वेगळं, मागची भावना ओळखीची.

मराठी बायबलातही असे शब्द आहेत की भाषांतर करणाऱ्याला हात जोडावेसे वाटतात. यहुद्यांच्या ‘पेसाह’साठी ‘वल्हांडण’: मृत्यू इस्राएलांची घरं ओलांडून गेला, तो सण. ‘सुंता’ हा शब्द अरबी ‘सुन्नत’मधून आलेला आणि मराठीत इतका मुरलेला की तो परका वाटतच नाही. ‘बेखमीर भाकरी’ म्हटलं की न आंबवलेल्या पिठाची भाकर लगेच डोळ्यांपुढे येते. ज्वारीच्या मुलखात हे समजावून सांगावं लागत नाही.

ख्रिस्ती पत्रिकांकडे वळू. इथे वहीची पानं कमी आहेत, पण आहेत ती नीट आहेत. मराठवाड्यातली ख्रिस्ती मराठी जुनी आहे. जालन्याजवळचं बेथेल रेव्हरंड नारायण शेषाद्री यांनी एकोणिसाव्या शतकात वसवलं, तेव्हापासून इथली उपासना, भजन, पत्र, पत्रिका सगळं मराठीत चालत आलेलं आहे. अडचण अशी की चर्चपरत्वे शब्द बदलतो. चर्च ऑफ नॉर्थ इंडियाच्या मंडळ्यांत ‘उपासना’, ‘प्रभुभोजन’, ‘पाळक’, ‘बाप्तिस्मा’. कॅथलिकांकडे ‘मिस्सा’, ‘धर्मगुरू’ किंवा नुसतं ‘फादर’, आणि बाप्तिस्म्याला ‘स्नानसंस्कार’ असाही शब्द. ‘पवित्र मिस्सा पाळकांच्या हस्ते’ असं छापलेलं आमंत्रण दोन्हीकडच्या माणसाला खटकतं. काही मंडळ्यांत तान्ह्या बाळाचा बाप्तिस्मा करतच नाहीत. तिथे बाळाचं ‘समर्पण’ होतं आणि बाप्तिस्मा मोठेपणी, स्वतःच्या कबुलीने. म्हणून दुकानात जाताना ‘ख्रिश्चन पत्रिका हवी’ एवढंच सांगू नका. चर्चचं नाव सांगा आणि जमलं तर मंडळीतली एखादी छापील पत्रिका सोबत न्या. कॅथलिक घरात बाळाचे धर्मपिता आणि धर्ममाता यांची नावं लागतात, त्यांची जागा साच्यात नाही; वेगळी ओळ मागून घ्या.

ख्रिस्ती लग्नात ‘पवित्र विवाह’ आणि जेवणाला ‘प्रीतिभोजन’ हे दोन शब्द पुरतात. साखरपुडा, हळद, चि., चि. सौ. कां. हे आपल्याच भाषेतले शब्द ख्रिस्ती घरंही सर्रास वापरतात, त्यामुळे ते काढून टाकायची घाई डीटीपीवाल्याने करू नये. छापायला देण्याआधी एक पाहून घ्यावं: लग्नाची घोषणा चर्चमध्ये साधारण तीन रविवार वाचली जाते, तेव्हा तारीख पाळकांशी पक्की झाल्याशिवाय पत्रिका टाकू नये. आणि उपवासकाळात, म्हणजे राखेच्या बुधवारपासून पुनरुत्थान रविवारपर्यंत (ईस्टरपर्यंत), लग्नं सहसा लावत नाहीत. हा काळ रविवार वगळून ४० दिवसांचा, रविवार धरून ४६. पुनरुत्थान रविवार २२ मार्च ते २५ एप्रिल यांच्यामध्ये कधीही येतो, त्यामुळे मागच्या वर्षीच्या तारखेवर भरवसा ठेवू नये.

वचनाच्या, म्हणजे बायबलातल्या उताऱ्याच्या, ओळीत दोन चुका हमखास होतात. पहिली: ‘मत्तय १९:६’ छापताना मधला अपूर्णविराम विसर्गासारखा बसतो आणि ‘१९ः६’ दिसतं. बारीक आहे, पण ज्याला वचन पाठ आहे त्याला टोचतं. दुसरी चूक फॉन्टची. हे दुकान मराठीसाठी जुन्या पद्धतीचे फॉन्ट वापरतं. व्हॉट्सॲपवर पाठवलेला मजकूर युनिकोडमध्ये असतो. तो तिथे उतरवताना रूपांतर करावं लागतं आणि त्यात ‘ख्रिस्त’चा ‘खि्रस्त’ होतो, म्हणजे वेलांटी आधी आणि र तुटून खाली लोंबकळतो. ‘खिस्ती’ असंही निघतं. तसंच ‘दुसऱ्या’, ‘येणाऱ्या’मधला अर्धा र बिघडतो. मजकूर पाठवून मोकळे होऊ नका. प्रूफमध्ये ‘ख्रि’ आणि ‘ऱ्य’ असलेला प्रत्येक शब्द बोट ठेवून वाचा. उर्दू बाजूला याचा भाऊ असलेला दोष आहे: इनपेज या उर्दू टायपिंगच्या प्रोग्रॅममध्ये केलेला मजकूर दुसऱ्या प्रोग्रॅममध्ये नेताना अक्षरं सुटी होऊन डावीकडून उजवीकडे लागतात. उर्दू न येणाऱ्याला ते नक्षीसारखंच दिसतं. उर्दू वाचणारं घरातलं माणूस प्रूफला सोबत हवंच.

नुक्त्याबद्दल इथलं धोरण मला पूर्ण पटतं. मराठी बाजूवर नुक्ता (अक्षराखालचा ठिपका) नाही. ‘निकाह’, ‘नमाज’, ‘काझी’, ‘जकात’, ‘रोजा’ असं साधं. हिंदी पत्रिकेतून उचललेला ‘क़ाज़ी’ मराठीत परका दिसतो आणि सोनेरी फॉइलमध्ये तो खालचा ठिपका नीट उमटतही नाही. फॉइलचं म्हणून सांगतो: बारीक अक्षरात अनुस्वार भरून जातो, ‘मंगल’चं ‘मगल’ होतं. फॉइलमध्ये फक्त नावं आणि वरची ओळ घ्या, पत्ता आणि वेळ साध्या शाईत. लेझरने कापलेल्या कार्डवर जोडाक्षरं टाळा. ‘ख्रि’मधला बारीक दुवा कागदातून तुटतो.

वरच्या ओळीचा प्रश्न प्रत्येक मुस्लिम घरात निघतो: बिस्मिल्लाह पूर्ण छापायचं की ७८६? ७८६ ही बिस्मिल्लाहच्या अक्षरांच्या अब्जद पद्धतीने (प्रत्येक अरबी अक्षराला एक आकडा) केलेल्या किमतींची बेरीज. पत्रिका शेवटी रद्दीत जाते, पायाखाली येते. आयत पायाखाली येऊ नये म्हणून कित्येक घरं आकडा छापतात. कित्येक घरांना आकडा मंजूर नाही; त्यांच्या मते लिहायचं तर शब्द लिहा, नाहीतर काहीच लिहू नका. दुकान दोन्ही करून देतं आणि स्वतःचं मत लादत नाही. आयत छापणार असाल तर अरबी मजकूर टाइप करून न घेता वहीत चिकटवलेला तपासलेला ठसा घ्या. टाइप करताना एक ठिपका सरकला तरी अर्थ बदलतो.

आता ज्या चुकीने माणसं खरोखर दुखावतात ती. साच्यात स्वर्गवासी आजोबांच्या नावाआधी ‘कै.’ असतं. ‘कै.’ म्हणजे कैलासवासी, ‘वै.’ म्हणजे वैकुंठवासी. मुस्लिम घरात ‘मरहूम’, आणि बाईसाठी ‘मरहूमा’. ख्रिस्ती घरात ‘ख्रिस्तवासी’ किंवा ‘प्रभुवासी’. काहीच सुचलं नाही तर ‘दिवंगत’ सगळीकडे चालतं. हे दुकान हे सगळं जाणतं, वहीत हे लाल शाईने लिहिलंय, आणि तरीही छापलेल्या पत्रिकेत ‘कै.’ निसटतं, कारण निमंत्रकांच्या नावांची यादी शेवटी घाईने टाकली जाते आणि ती यादी जुन्या फाइलीतून येते. प्रूफचा हा कोपरा शेवटचा असतो आणि तोच वाचायचा राहतो. तिथूनच वाचायला सुरुवात करा.

शोकाच्या मजकुराला तर जास्तच जपावं लागतं. दफन लवकर उरकतात, त्यामुळे छापील पत्र निघतच नाही; मोबाईलवर फिरवायचं एक चित्र तासाभरात करून मागतात. दुकान ते करून देतं, रात्रीही. त्यात लागतं: मरहूमांचं नाव, कोणाचे कोण, नमाज-ए-जनाजा कुठे आणि कधी, तदफीन कोणत्या कब्रस्तानात. मराठीत ‘नमाज-ए-जनाजा’ तसाच ठेवावा, कारण ती नेहमीच्या नमाजपेक्षा वेगळी आहे: उभ्यानेच होते, चार तकबीर (‘अल्लाहु अकबर’ म्हणणं), रुकू-सजदा (वाकणं आणि कपाळ टेकणं) नाही, ‘प्रार्थनासभा’ म्हटलं की वेगळंच काही डोळ्यांपुढे येतं. तदफीनला ‘दफनविधी’ हा चांगला मराठी शब्द आहे. जियारत (कबरीचं दर्शन) आणि चाळीसावा (चाळीसाव्या दिवसाचा विधी) यांची सूचना नंतर वेगळी काढतात. ख्रिस्ती निरोपात ‘प्रभूमध्ये निद्रिस्त झाले’, मग दफनविधीची वेळ, आणि पुढे स्मरण उपासना. हिंदू साच्यावरून हे चित्र बनवताना तळाची ओळ पुसायची राहते, आणि दफनाच्या सूचनेखाली ‘रक्षाविसर्जन’ किंवा ‘दशक्रिया विधी’ दिसतो. अशा वेळी घरातलं कुणी प्रूफ वाचायच्या मनःस्थितीत नसतं. म्हणून ही जबाबदारी दुकानाचीच. तीन साचे वेगळे ठेवा, एकावरून दुसरा बनवू नका, एवढं त्यांनी करावं ही कळकळीची विनंती.

उरूस आणि कंदुरीच्या पानांवर हे दुकान खुलतं. ‘उर्स’ हा अरबी शब्द मुळात लग्नाचा. वलीचा (संताचा) मृत्यू म्हणजे त्याचं आपल्या रबशी मीलन, म्हणून पुण्यतिथीला लग्नाचं नाव. मराठीने तो ‘उरूस’ करून घेतला आणि त्यात जत्राही आणली. खुलताबादपासून लहानशा गावातल्या पिरापर्यंत पोस्टरचा क्रम तोच लागतो: संदल, उरूस, चिरागां. संदल म्हणजे चंदनाचा लेप मिरवणुकीने नेऊन मजारीला लावणं, चिरागां म्हणजे दिव्यांची रात्र. दुसऱ्या दुकानांत हा क्रम उलटा छापलेला असतो, त्यामुळे लोक संदलला मुकतात. कंदुरी तर मराठवाड्याचा अगदी घरचा शब्द, नवस फेडायला पिरापुढे बोकड कापून गावाला जेवू घालणं; हिंदू घरंही करतात. कंदुरीच्या आमंत्रणाला मोठी भाषा लागत नाही. ‘अमुक पिराच्या ठिकाणी कंदुरी ठेवली आहे, जेवायला यावे’ हा वहीतला नमुना इतका नेमका आहे की त्यात एक शब्द वाढवू नये.

रमजानचा तक्ता हे इथलं वर्षातलं सगळ्यात मोठं काम. २०२६ मध्ये राखेचा बुधवार १८ फेब्रुवारीला होता आणि रमजानही त्याच आठवड्यात लागला, तेव्हा अशा वर्षी दोन्ही घरांची गर्दी एकदम येते, म्हणून जानेवारीतच काम द्यावं. तक्त्यात मराठीत ‘सहरीची शेवटची वेळ’ आणि ‘इफ्तार’ असे दोन स्तंभ असतात, खाली एखाद्या दुकानाची जाहिरात. इथे एक गोष्ट जिवाच्या आकांताने सांगावीशी वाटते: तक्ता आपल्याच शहराचा हवा. पृथ्वी एक अंश फिरायला चार मिनिटं घेते. नांदेड छत्रपती संभाजीनगरच्या जवळपास दोन अंश पूर्वेला, म्हणजे तिथे सूर्य साधारण आठ मिनिटं आधी मावळतो. हैदराबादचा फरक बारा मिनिटांच्या आसपास. हैदराबादचा तक्ता उतरवून इथे छापला की सूर्य आकाशात असतानाच लोक रोजा सोडतील आणि दिवसभराचा रोजा वाया जाईल. मुंबई पश्चिमेला, तिकडचा तक्ता वापरला तर इफ्तारला सुमारे दहा मिनिटं उशीर होईल. पण सहरीच्या बाजूने तोच तक्ता धोक्याचा, कारण इथे पहाट आधी उजाडते आणि माणूस वेळ संपल्यावरही खात राहील. हे दुकान शहरातल्या मशिदीकडून आलेलाच तक्ता लावतं आणि वर शहराचं नाव ठळक छापतं. परभणी, नांदेड, लातूरची माणसं इथे छापून नेतात तेव्हा मात्र आपल्या गावचा तक्ता सोबत आणायला सांगत नाहीत. तुम्ही स्वतःहून न्या.

शेवटचं काम निकाहनाम्याच्या मराठी भाषांतराचं. पत्रिकेच्या कामासोबत ते करून देतात, आणि इथे दुकानाची मर्यादा दिसते. मेहर दोन प्रकारचा: एक पत्नीने मागताच द्यायचा, दुसरा ठरलेल्या मुदतीनंतर किंवा तलाकने वा मृत्यूने लग्न संपल्यावर द्यायचा. उर्दूत दोन्हींची नावं कानाला जवळजवळ सारखी. एकात ‘ऐन’ आहे, दुसऱ्यात ‘हमजा’. देवनागरीत दोन्ही ‘मुअज्जल’ होऊन बसतात, आणि मग कागद वाचणाऱ्याला रक्कम आत्ता देय की नंतर हे कळतच नाही. ‘ऐन’वाला शब्द ‘उजलत’च्या कुळातला, उजलत म्हणजे घाई, तो मागताच देय. ‘हमजा’वाला ‘अजल’च्या कुळातला, अजल म्हणजे मुदत, तो नंतर देय. भाषांतरात मूळ शब्द देऊन थांबू नये, पुढे ‘मागताच देय’ किंवा ‘नंतर देय’ असं साध्या मराठीत लिहून घ्यावं. दुकानाच्या नमुन्यात नुसतं ‘मेहर मुअज्जल’ आहे. हा नमुना त्यांनी बदलेपर्यंत निकाहनाम्याचं काम काझींच्या दप्तरातून समजून घेऊनच द्या.

व्यवहार सरळ आहे. किमान १०० पत्रिका, अर्धे पैसे आधी, दोन दिवसांत प्रूफ, मंजुरीनंतर चार-पाच दिवसांत माल. दोन भाषांच्या पत्रिकेला उर्दू उजवीकडून उघडते आणि मराठी डावीकडून, तेव्हा घडीचं कार्ड न घेता दोन्ही बाजूंनी छापलेलं सपाट कार्ड घ्या. घडीच्या कार्डात एक भाषा नेहमी उलटी पडते. ५०० लागणार असतील तर ३०० दोन्ही भाषांत आणि २०० नुसत्या मराठीत, असं वाटून घेतलं की खर्चही वाचतो. प्रूफ मोबाईलवर मागू नका, कागदावर मागा, आणि मंजुरीची सही करण्याआधी ते मोठ्याने वाचून घ्या. दुकानात त्यासाठी बाकडं आहे आणि डीटीपीवाले समोर बसून शेवटपर्यंत ऐकतात.